राहीबाईनं सोडलेलं गोड

राहीबाई दिसायला कशी होती ते आधी सांगून टाकतो, म्हणजे उगाच कुणी एखादी मऊ, मायाळू बाई डोळ्यांपुढे आणायला नको. उंच, हडकुळी, मिशरीनं दात काळे झालेले. आवाज असा की तिनं परसातून हाक मारली की पलीकडच्या पठारावर चरणारी जनावरं माना वर करायची. पाचगणीत मुलींच्या ज्या बोर्डिंग शाळेत आम्ही दोघं नोकरीला होतो, तिथले माळ्यापासून आचाऱ्यापर्यंत सगळे तिला वचकून असत. मी तिथला कोठीवाला. किल्ल्या माझ्या कमरेला होत्या, तरी तिच्यापुढे मीसुद्धा बेतानंच बोलायचो.

आणि असल्या बाईच्या हातून जे पुडिंग उतरायचं, त्याच्यासाठी मुंबईच्या श्रीमंतांच्या पोरी रविवारची वाट बघायच्या. आम्ही त्याला लाल पुडिंग म्हणायचो. खाली स्ट्रॉबेरी, मधे भाजलेला अंड्याचा मऊ थर आणि वर चॉकलेटची काळी चकचकीत साय. माझ्या वडिलांची साताऱ्यात पावाची भट्टी होती. पाव, टोस्ट, नानखटाईच्या वासात मी लहानाचा मोठा झालो. माझा हात कधी बसला नाही म्हणून मी इंग्रजी पाचवी होऊन कारकुनीकडे वळलो. पण भट्टीतलं कळतं मला. राहीबाईइतका तयार हात मी दुसरा पाहिला नाही, हे मी माझ्या वडिलांच्या तोंडावरही सांगितलं असतं.

तिचं सासर वडूजच्या पलीकडे, जिथं पाऊस पाहुण्यासारखा येतो आणि चहा पिऊन जातो अशा मुलखात. नवरा नाथाजी तापानं गेला तेव्हा मुलगा सयाजी पाच वर्षांचा होता. जमीन दीर कोंडीबाकडे राहिली. तो तसा वाईट माणूस नव्हता, पण त्याच्या घरात तोंडं फार होती. ही पोराला काखोटीला मारून घाट चढून वर आली. आधी रस्त्याची खडी फोडली, मग शाळेत भांडी घासायला लागली. तेव्हा शाळेत एक गोव्याचा आचारी होता. त्याची पुडिंगची ताटं घासता घासता हिनं सहा वर्षं त्याच्या हाताकडे बघितलं. चाळीस साली तो लष्कराच्या मेसमध्ये निघून गेला. मेमसाहेब, म्हणजे आमच्या हेडबाई, डोक्याला हात लावून बसल्या. तर ही राखेच्या हातानं पुढं झाली आणि म्हणाली, "म्या करते की. त्यात काय येवडं?"

सगळे हसले. दुपारी ताट बाहेर आलं तेव्हा हसणारे गप्प झाले.

तिचं काम बघण्यासारखं होतं. लोखंडी चुलीच्या पोटात भाजायचा कप्पा होता, त्याच्या दाराशी हात धरून ती मनातल्या मनात आकडे म्हणायची. बारापर्यंत हात टिकला तर ताट आत, त्याआधी भाजला तर लाकूड मागं ओढायचं. स्ट्रॉबेरी दोन बोटांत चुरडून बोटं एकमेकांना किती चिकटतात त्यावरून साखर ठरवायची. ताट बाहेर काढलं की त्याला कान लावायची. आत अजून चुरचुर ऐकू येत असेल तर पुन्हा आत सारायची. चॉकलेट मात्र ती कधी थेट जाळावर ठेवत नसे. उकळत्या पाण्यावर दुसरं पातेलं ठेवून, लाकडी उलथन्यानं, कुणाशी एक शब्द न बोलता वितळवायची.

एवढं सगळं करून तिनं ते पुडिंग कधी तोंडात घातलं नव्हतं. सुरुवातीला घालायची. एक्केचाळीस साली सयाजी पलटणीत भरती झाला आणि ते संपलं.

आमच्या साताऱ्याकडे पलटणीत जाणं म्हणजे काही नवल नाही. घराघरातून एकेक गेलेला. पण हिचा एकुलता एक. तो जायच्या आधी त्याला घेऊन ती औंधला गेली, यमाईच्या पायऱ्या चढली आणि देवीसमोर बोलली, "सयाजी परत येऊन माज्या हातावर पेढा ठिवंल, तवाच म्या गोड खाईन. तंवर गोडाचं बोट जिभंला लावनार न्हाई."

असे नेम पुष्कळ बायका धरतात. कुणी भात सोडतं, कुणी चप्पल. पण रोज गोड रांधणाऱ्या बाईनं गोड सोडायचं म्हणजे काय, याचा विचार करा. चहा बिनसाखरेचा. संक्रांतीला तिळगूळ घ्यायची आणि तसाच दुसऱ्याच्या हातावर ठेवायची. शिमग्याला घरोघर पुरणाचा वास सुटलेला असायचा, तेव्हा ही कोरडी भाकरी आणि मिरचीचा खरडा घेऊन परसात बसायची. मी एकदा चेष्टेनं म्हणालो, "राहीबाई, देवी काय तुमच्या ताटात डोकावून बघतीय होय?"

"देवी बगंल न्हाई तर न बगंल," ती म्हणाली. "तकडं गोळी सुटती तवा म्या काय करावं, सांगा की. बंदूक घिऊन जाऊ? माज्या हातात येवडंच हाय."

मी पुढं चेष्टा केली नाही. रमजानचे तीस रोजे धरणारा माणूस मी. तोंड बांधून ठेवण्यात काय ताकद वाटते ते मला कळायला हवंच होतं.

सयाजीची पत्रं यायची, ती मी वाचून दाखवायचो. आधी आफ्रिका, मग इटली. इथं डोंगर आपल्यासारखेच आहेत पण वर बर्फ पडतो, आई, असं एकदा त्यानं लिहवून पाठवलं होतं. तिनं ते तीनदा वाचायला लावलं. बर्फ पडतो हे ऐकून तिला त्याच्या पायांची काळजी लागली, गोळ्यांची तर होतीच.

आता जिभेची अडचण. ती पुडिंग चाखत नव्हती, तर चाखायचं कोण? तर शकिला. वाईहून आलेली, माझ्या नात्यातली, स्वयंपाकघरात हाताखाली काम करायची. चॉकलेटचं उलथनं ती चाटायची आणि "अजून मूठभर" किंवा "बास" एवढंच सांगायची. चार वर्षं असं बिनबोभाट चाललं. मेमसाहेबांना पत्ताही नव्हता. पंचेचाळीसच्या मार्चमध्ये शकिला बाळंतपणाला वाईला गेली आणि तिथून सगळं बिघडायला लागलं.

लढाईमुळे कोकोचे डबे यायचे बंद झाले होते. एका मुलीच्या मेजर बापानं लष्करी कँटीनमधून चॉकलेटच्या वड्यांची एक पेटी पाठवून दिली. करड्या कागदात गुंडाळलेल्या, विटकरीसारख्या कठीण. कागदावर नुसते आकडे. राहीबाईनं एक वडी नाकाशी धरली. "कडू हाय ह्ये," तिनं निकाल दिला आणि अंदाजानं साखर घातली. त्या रविवारी पुडिंग इतकं अतोनात गोड झालं की मुलींनी वरची साय सुरीनं खरवडून बाजूला टाकली. रेशनची साखर, आणि ती अशी गेली.

इथं मला माझं सांगायला हवं. ती वडी मुळातच गोड होती, हे मला ठाऊक होतं. पेटी कोठीत आली त्या दिवशीच मी एका वडीचा कोपरा दातानं तोडला होता. आधी कडू लागते, मग मागून गोड येते. हे मी राहीबाईला सांगितलं असतं तर साखर वाया गेली नसती आणि पुढचं काहीच झालं नसतं. पण कोठीवाल्यानं कोठीतला माल खाल्ला, हे कबूल कोण करणार? मी गप्प बसलो. एवढ्याशा चोरीसाठी.

त्या साली शिमग्यानंतर चौथ्या दिवशी ईस्टर आला. आदल्या दिवशी, शनिवारी सकाळी, मेमसाहेब स्वयंपाकघरात येऊन उभ्या राहिल्या. असं त्या कधी येत नसत. पाहुणे येणार होते, लाल पुडिंग व्हायला हवं होतं आणि मागच्या रविवारची चूक पुन्हा व्हायला नको होती. राहीबाई वितळलेल्या चॉकलेटचं पातेलं घेऊन उभी होती. मी दुभाष्या, म्हणून मलाही बोलावलेलं.

"तिला सांग, आधी चाख आणि मग साखर घाल," मेमसाहेब म्हणाल्या.

राहीबाईनं ऐकलं आणि नुसती मान हलवली. नाही.

मी मेमसाहेबांना नेमाचं समजावून सांगितलं. मुलगा लढाईवर आहे, आईनं देवीसमोर गोड सोडलंय. त्यांचा चेहरा क्षणभर मऊ झाला, मी खोटं सांगणार नाही. त्यांचाही एक भाऊ त्या लढाईत मारला गेला होता. पण मऊ झालेला चेहरा लगेच पूर्वीसारखा झाला. "चार वर्षं ही बाई न चाखता माझ्या मुलींना खायला घालते आहे?" त्या म्हणाल्या. "जी स्वतः चाखत नाही तिच्या हातचं मी कुणाला वाढणार नाही. आता माझ्यासमोर चाखू दे. नाहीतर सोमवारी सामान घेऊन जाऊ दे."

"मी चाखतो," मी म्हणालो.

"तू स्वयंपाकी नाहीस," त्या म्हणाल्या.

राहीबाईला मी काय ते सांगितलं. ती पातेलं खाली ठेवून पदराला हात पुसायला लागली. म्हणजे निघालीच होती ती. कुठं जाणार होती? कोंडीबाच्या घरी, पुन्हा त्या तोंडांमध्ये आणखी एक तोंड म्हणून? सयाजीची पत्रं इथल्या पत्त्यावर यायची, ती वाचणार कोण होतं तिथं? आणि खरं सांगायचं तर मला ती जायला नको होती. मग मी बोलायला लागलो. उचलली जीभ आणि लावली टाळ्याला.

"राहीबाई, ऐका माझं. यात साखर घातलेली नाही. हे कडूजहर औषध आहे नुसतं. तुम्ही सोडलंय ते गोड."

तिनं हात पुसायचं थांबवलं.

"आणि आमच्यात रोज्यामध्ये रांधणाऱ्या बायका जिभेच्या टोकावर मीठ बघतात आणि थुंकून टाकतात. गिळत नाहीत. रोजा तुटत नाही त्यानं. शकिला करायचीच की. तुम्हीसुद्धा लावा आणि थुंका."

"तुमच्यात चालतं?"

"चालतं."

"कडूच हाय न्हवं? तुमी कोठीवालं, तुमाला म्हाईत आसंल."

"कडूच," मी म्हणालो.

तिनं करंगळीचं टोक पातेल्यात बुडवलं, डोळे मिटले आणि जिभेला लावलं. तोंड वाकडं झालं, तेव्हा मला हायसं वाटलं. मग तिचं तोंड हळूहळू सरळ झालं. तिनं डोळे उघडले. मोरीत जाऊन थुंकली, चूळ भरली, राख घेऊन जीभ घासली, पुन्हा चूळ भरली. परत येऊन ती माझ्याजवळ उभी राहिली आणि मेमसाहेबांना कळणार नाही अशा बारीक आवाजात म्हणाली, "निजामभाऊ, मागनं गोड लागतंय की वो."

मेमसाहेबांनी विचारलं, साखर हवी की नको. राहीबाईनंच हातानं सांगितलं, नको. पुडिंग फार छान झालं त्या दिवशी. पाहुण्यांनी मागून मागून खाल्लं.

त्यानंतर ती माझ्याशी भांडली असती तर बरं झालं असतं. भांडली नाही. तिनं पाच मंगळवार निर्जळी धरले. चुलीपुढं उभी राहून पाण्याचा थेंब नाही. मेच्या शेवटी औंधला जाऊन देवीपुढं नाक घासून यायचं ठरवलं, मीही बरोबर येतो म्हणालो. पायऱ्यांखाली थांबेन, पण येईन. मधल्या काळात सयाजीचं पत्र आलं नव्हतं. खरं तर संक्रांतीपासूनच आलं नव्हतं. पण पत्रं अशी चार-चार महिने अडकायची, आधीही अडकली होती, म्हणून आम्ही मनाला तसं समजावत होतो.

पाच मंगळवार झाले आणि सहाव्या मंगळवारी विलायतेतली लढाई संपली. मे महिन्याची आठ तारीख. शाळेची घंटा कितीतरी वेळ वाजत होती, मुली हिरवळीवर नाचत होत्या. मी धावत स्वयंपाकघरात गेलो. "राहीबाई, जर्मन शरण आला! इटलीत तर आठवड्यापूर्वीच थांबलं सगळं!"

ती स्टुलावर बसली. "आज मंगळवार," एवढंच म्हणाली. मग म्हणाली, "देवीनं पदरात घेतलं म्हनायचं." आणि हसली. ते काळे दात दाखवून खुशाल हसली. शेवटच्या, सुपारीएवढ्या स्ट्रॉबेऱ्या उरल्या होत्या, त्यांचं पुडिंग केलं. ताटाला कान लावून मला म्हणाली, "निजामभाऊ, सयाजी आला की पयला पेढा म्या खानार, आन् मग आक्खं ताट ह्ये खानार. तुमाला शितभर देनार न्हाई."

वीस दिवस ती अशी होती. मी तिला एवढी हलकी कधी पाहिली नव्हती, आणि मीही हलका झालो होतो. माझ्या जिभेनं काही वाईट घडलं नाही म्हणून.

अठ्ठावीस तारखेला सकाळी कोंडीबा आला. नवा फेटा, हातात फडक्यात बांधलेले लग्नाचे लाडू. थोरल्या मुलीचं लग्न वैशाखात उरकलं होतं. स्वयंपाकघराच्या मागच्या दाराशी तो उभा राहिला, आत येईना.

"भावजी, आवं या की आत," राहीबाई म्हणाली. "लगीन झ्याक झालं न्हवं? लाडू म्या खात न्हाई, निजामभाऊस्नी द्या."

कोंडीबानं लाडू खाली ठेवले. बंडीच्या आतल्या खिशातून एक घडी घातलेला लिफाफा काढला आणि तो तिला न देता मला दिला. बेळगावचा, पलटणीच्या रेकॉर्ड ऑफिसचा. फोडलेला. "वैनी," तो म्हणाला, "शिमग्याच्या आदीच गावच्या पत्त्यावर आला व्हता. गुरुजींनी वाचला. पर लगीन ठरल्यालं. सुतक लागलं आसतं, सोयरं माघारी गेलं आसतं. म्हनून म्या ठिवला. माजी चूक झाली, वैनी. काय बी म्हना मला." आणि तो दारातच मटकन बसला आणि नवा फेटा तोंडाला लावून रडायला लागला.

तिला कळलं होतं. तरी मला म्हणाली, "वाचा."

मी वाचलं. शिपाई अमुक नंबर, इटलीत, लढाईत कामी आला. तिनं हंबरडा फोडला नाही. चुलीकडे तोंड करून म्हणाली, "म्या खाल्ला त्येला. थुकले, पर उशिरा थुकले. जिभंवर गोड ऱ्हायलं."

तेवढ्यात माझी नजर तारखेवर गेली. आणि मला, खुदा माफ करो, आनंद झाला. चार फेब्रुवारी. ईस्टरच्या आठ आठवडे आधी.

"राहीबाई, ऐका, ऐका माझं," मी जवळजवळ ओरडलोच. "चार फेब्रुवारी लिहिलंय. तुम्ही चाखलं मार्चच्या शेवटी. तुमच्या जिभेनं काही झालं नाही. तुम्ही नेम मोडला तेव्हा तो आधीच गेलेला होता. तुमचा काही दोष नाही यात, माझाही नाही."

ती वळली. बोटांवर मोजायला लागली. "म्हंजी संक्रांत हुऊन तीन आटवडं."

"हो."

"तवा म्या गोड खाल्लं न्हवतं."

"नव्हतं ना! तेच तर सांगतोय."

"तिळगूळ बी तोंडात घातला न्हवता. चा बिनसाखरंचा. समदं नीट पाळलं व्हतं."

"सगळं नीट पाळलं होतं, राहीबाई."

"आन् तरी ग्येला," ती म्हणाली.

मी काय करून बसलो ते तेव्हा कुठं माझ्या ध्यानात आलं. बाहेर कोंडीबा रडत होता, त्याचाच आवाज येत होता.

"ती तारीक कशापायी वाचली तुमी?" तिनं विचारलं. रागानं नाही. "चार वर्सं म्या त्येला धरून ठिवला व्हता. माज्या चुकीनं सुटला आसं म्हनून म्या जगले आसते. आता तुमी म्हंता, म्या कायबी धरलं न्हवतं. नुस्ती उपाशी बसले व्हते." मग तिनं हात पुढं केला, माझ्याकडून कागद घेतला, चुलीचं झाकण सरकवलं आणि तो आत टाकला.

दुसऱ्या दिवसापासून ती कामाला लागली. गोड तिनं नंतरही कधी खाल्लं नाही. औंधलाही गेली नाही. आणखी अकरा वर्षं ती त्या चुलीपाशी होती. मेमसाहेब विलायतेला परत गेल्या, शाळेला आपल्याकडच्या हेडबाई आल्या, मुली बदलल्या. हाताखाली नवीन बाई आली की राहीबाई तिला चॉकलेटचं पातेलं दाखवून सांगायची, "ह्ये म्या एकदाच चाखलं, आन् माजा सयाजी ग्येला. चाखायच्या आदी तो ठनठनीत व्हता."

ती नवीन बाई घाबरून माझ्याकडे बघायची. तारीख वाचली ती मीच; चार फेब्रुवारी हे अक्षर माझ्या डोळ्यांसमोर अजून जसंच्या तसं आहे. मी प्रत्येक वेळी मान डोलवून सांगायचो, "हो, खरं आहे. ईस्टरलाच गेला तो."